नशीब: वाटा, लेख आणि फासा



आजच्या व्याख्यानाचा विषय आहे ‘नशीब’. विषय जाहीर झाला तेव्हा आमच्या एका जुन्या विद्यार्थ्याचा फोन आला. म्हणाला, “सर, तुम्ही कुंडल्या कधीपासून मांडायला लागलात?” तेव्हा आधीच सांगून टाकतो, आज ना कुंडली, ना हस्तरेषा. नशीब खरोखर असतं की नसतं, या वादातसुद्धा आज आपण शिरणार नाही. आपला प्रश्न साधा आहे. ही कल्पना माणसाच्या डोक्यात आली कुठून? आणि “नशीब त्याचं!” असं आपण म्हणतो, तेव्हा नेमकं काय म्हणत असतो?

जुन्या भाषा, जुने ग्रंथ आणि लोकांच्या चालीरीती चाळल्या, तर नशिबाच्या मागे तीन चित्रं दिसतात. एक वाट्याचं, दुसरं लेखाचं आणि तिसरं फाशाचं. म्हणजे कोणीतरी वाटून दिलं, कोणीतरी लिहून ठेवलं, किंवा फासा तसा पडला. आपण तिन्ही अर्थांना एकच शब्द वापरतो आणि तिथेच घोटाळा होतो. म्हणून ही चित्रं एकेक करून बघू.

पहिलं, वाटा.

‘नशीब’ हा शब्द मूळ अरबी, ‘नसीब’. फारसीच्या वाटेने तो आपल्याकडे आला. त्याचा मूळ अर्थ हिस्सा. वारसाला मिळकतीत जो हिस्सा मिळतो, त्यालाही अरबीत हाच शब्द आहे. ‘किस्मत’ घ्या. तिचा धातू ‘वाटणी करणे’ या अर्थाचा. जमिनीच्या कागदपत्रांत आपण ‘तकसीम’ हा शब्द वाचतो ना, भावाभावांतल्या वाटणीचा? ती तकसीम आणि ही किस्मत सख्ख्या बहिणी आहेत. एक तलाठ्याकडे राहिली, दुसरी सिनेमाच्या गाण्यांत गेली, एवढंच.

बरं, हे अरबीपुरतंच आहे का? नाही. आपला ‘भाग्य’ हा शब्द ‘भाग’ या शब्दाचा सख्खा. धातू ‘भज्’, म्हणजे वाटणे, वाटा मिळणे. याच धातूचा गोतावळा मोठा गमतीचा आहे. ‘भग’ म्हणजे ऐश्वर्य, ते ज्याच्याकडे आहे तो ‘भगवान’. ‘भक्त’ या शब्दाचा एक जुना अर्थ वाटून दिलेलं, वाट्याला आलेलं अन्न. आणि त्या ‘भक्त’चं मराठीत झालं ‘भात’. म्हणजे आपल्या ताटातला भात आणि कपाळावरचं भाग्य एकाच घरातले. फारसीतला ‘बख्त’ही याच कुळातला. आपण ज्याला ‘कमबख्त’ म्हणून शिवी देतो, त्याला आपण खरं तर एवढंच सांगत असतो, की बाबा, तुझा वाटा कमी पडला.

ग्रीकांकडे जा. त्यांचा शब्द ‘मोइरा’. अर्थ पुन्हा वाटा. होमरच्या काव्यात मेजवानीतल्या मांसाच्या वाट्यालाही हा शब्द येतो आणि माणसाच्या आयुष्याच्या वाट्यालाही. पुढे या मोइरा तीन देवी झाल्या. एक आयुष्याचा धागा कातते, दुसरी मोजते, तिसरी कापते.

आता याचा अर्थ काय लावायचा? आमचं म्हणणं असं, की नशीब ही कल्पना सुरुवातीला आकाशातून उतरलेली नाही. ती पंगतीतून आणि शेताच्या बांधावरून वर गेलेली आहे. शिकार आली, वाटली. पीक आलं, वाटलं. बाप गेला, जमीन वाटली. कुणाच्या वाट्याला विहिरीजवळचा तुकडा आला, कुणाच्या वाट्याला माळरान. माणसाला जगात पहिल्यांदा दिसलं ते हे वाटप, आणि मग त्याने विचार केला की आयुष्यही कुणीतरी असंच वाटत असणार.

पण वाटप म्हटलं की लगेच पुढचा प्रश्न येतो: वाढपी कोण? पंगतीत बसलेल्या माणसाला हा प्रश्न बरोबर सुचतो. वाढपी ओळखीचा असला की जिलबी दोनदा येते! वेदकाळात या वाढप्याचं नाव होतं भग. तो आदित्यांपैकी एक, वाटा देणारा देव. आणि त्याच्याबद्दलची कथा अशी, की तो आंधळा आहे. ब्राह्मणग्रंथांत तो आंधळा झाल्याचं येतं, पुराणांत दक्षाच्या यज्ञात त्याचे डोळे जातात. रोमन लोकही त्यांच्या फोर्तुना देवीला आंधळी म्हणत. एकमेकांपासून इतक्या दूर असलेल्या दोन समाजांना वाटप करणारा आंधळाच का दिसावा? कारण अनुभव तसा होता. चांगल्याच्या वाट्याला वाईट येतं आणि लबाडाच्या वाट्याला विहिरीजवळचा तुकडा येतो. मग वाढपी दुष्ट आहे म्हणण्यापेक्षा त्याला दिसत नाही म्हणणं माणसाला सोसवलं.

दुसरं चित्र, लेख.

आपल्याकडे मूल जन्मल्यावर पाचव्या-सहाव्या दिवशी सटवाईची पूजा करतात. काही घरांत कोरा कागद आणि लेखणी ठेवायची पद्धत आहे. रात्री सटवाई येते आणि बाळाच्या कपाळावर त्याचं आयुष्य लिहून जाते. ‘विधिलिखित’, ‘ललाटलेख’, ‘कपाळ फुटलं’ हे सगळे शब्द या लेखाचे. जुन्या मेसोपोटेमियातही दैवाच्या पाट्या होत्या. ज्या देवाच्या हाती ती पाटी, त्याच्या हाती जगाची सत्ता.

वाटा आणि लेख यांत फरक काय, ते नीट बघा. वाट्याबद्दल तक्रार करता येते. “मला कमी आलं” असं म्हणता येतं. लेखाबद्दल तसं म्हणता येत नाही, कारण तो आधीच लिहून झालेला आहे. शिवाय ज्याच्या कपाळावर तो लिहिलाय, त्याला स्वतःचं कपाळ दिसत नाही. आणि ज्या समाजात लिहिता-वाचता येणारे मूठभर, तिथे लेख म्हणजे सत्ता. आपलं नाव कुठल्या वहीत आहे, किती रक्कम मांडलीय, कुठे अंगठा उठवलाय, हे ज्याला वाचता येत नाही, त्याला सावकाराची चोपडी आणि सटवाईचा लेख यांत कितीसा फरक वाटणार?

मे १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला काय झालं, ते इथे आठवा. इतिहासात आपण त्याला दख्खनचे दंगे म्हणतो. कापसाची तेजी ओसरली होती, सारा वाढला होता, शेतकरी कर्जात बुडाले होते. ते सावकारांवर चालून गेले. पण त्यांचा मुख्य रोख कशावर होता? कर्जरोख्यांवर. त्यांनी कागद मागितले आणि कागद जाळले. सुप्यातून हे लोण आसपासच्या गावांत आणि अहमदनगर जिल्ह्यात पसरलं. सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कर्जविषयक कायदा आला. तत्त्वज्ञानाच्या माणसाला या प्रसंगात एक वेगळीच गोष्ट दिसते. जे पिढ्यान्‌पिढ्या ‘कपाळी आलंय’ म्हणून सोसलं जात होतं, ते कपाळावर नसून कागदावर आहे, हे लोकांना त्या दिवशी कळलं. कागद जळतो. पुढे १८८३ मध्ये जोतीराव फुल्यांचा ‘शेतकऱ्याचा असूड’ हा ग्रंथ लिहून होतो. त्यात शेतकऱ्याच्या दारिद्र्याची कारणं सारा, नोकरशाही, कर्मकांड आणि अज्ञान यांत शोधलेली आहेत, ग्रहताऱ्यांत नाहीत.

लेखाचा सगळ्यात जास्त भार मात्र बाईच्या कपाळावर पडला. ‘सौभाग्य’ हा शब्दच बघा. सु आणि भग. म्हणजे चांगला वाटा, चांगलं नशीब. पण आपण ‘सौभाग्यवती’ कुणाला म्हणतो? जिचा नवरा जिवंत आहे तिला. ती विदुषी असो, कर्तबगार असो, तिचं भाग्य मोजायचं माप एकच, नवऱ्याचा श्वास. तो थांबला की त्याच दिवशी तिच्या नावामागचं ‘सौ.’ जाऊन ‘गं. भा.’ येत असे. लग्नानंतर घरात काही विपरीत घडलं की नव्या सुनेला ‘पांढऱ्या पायाची’ म्हणायचं. तापाने नवरा गेला तर कारण ताप नाही, कारण तिचे पाय! इथे नशीब ही नुसती कल्पना राहिलेली नाही. ती आरोपपत्र झालेली आहे, आणि त्यात आरोपीला बोलायची सोय नाही.

१८५६ मध्ये विधवाविवाहाचा कायदा झाला. १८९३ मध्ये धोंडो केशव कर्व्यांनी विधवेशी लग्न केलं, बहिष्कार सोसला आणि १८९६ मध्ये विधवांसाठी आश्रम काढला. अगदी अलीकडे, मे २०२२ मध्ये, कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड गावाच्या ग्रामसभेने ठराव केला, की नवरा गेल्यावर बाईचं कुंकू पुसणं, बांगड्या फोडणं, मंगळसूत्र काढणं या प्रथा आपल्या गावात बंद. राज्य सरकारनेही बाकीच्या गावांना तोच कित्ता गिरवायला सांगितलं. आता विचार करा. एका ग्रामसभेच्या ठरावाने जे बदलू शकतं, ते विधिलिखित कसं असेल? मृत्यू कुणाला टळला नाही, तो नशिबाचा भाग म्हणा हवं तर. पण मृत्यूनंतर त्या बाईचं काय होतं, तो लेख माणसांच्या अक्षरातलाच होता.

इथे कुणी म्हणेल, सर, आपल्या परंपरेत सगळे दैववादीच होते का? अजिबात नाही. आपल्याकडे या प्रश्नावर कडाक्याचा वाद झालेला आहे. बुद्धाच्या काळात मक्खली गोसाल नावाचा विचारवंत होऊन गेला, आजीविक पंथाचा. त्याचं मत टोकाचं होतं. सगळं नियतीने ठरलेलं आहे, माणसाच्या प्रयत्नाने काही बदलत नाही. सुताची गुंडी फेकली की ती जेवढं सूत आहे तेवढीच उलगडते, तसं आयुष्य. या पंथाला राजाश्रयही होता. बिहारमधल्या बराबर टेकडीवरच्या गुहा अशोकाने आजीविकांना दिल्याचे शिलालेख आहेत. उलट बाजूला कौटिल्य बघा. सतत नक्षत्रं विचारत बसणाऱ्या माणसाच्या हातून अर्थ निसटतो, असा त्याचा रोखठोक अभिप्राय आहे. आणि चरकसंहितेतला युक्तिवाद तर आम्हाला फार आवडतो. तिथे प्रश्न येतो, आयुष्य ठरलेलंच असेल तर औषध कशाला? वैद्याला हा प्रश्न टाळता येत नाही, कारण त्याची रोजीरोटीच त्यावर आहे! चरकाचं उत्तर असं: दैव म्हणजे पूर्वी केलेलं कर्म, पुरुषकार म्हणजे आता केलेलं कर्म. दोघांत जे बलवान, ते दुसऱ्याला मागे सारतं. दैव दुबळं असेल तर प्रयत्न त्याला हरवतो. गीतेतही कार्य सिद्धीला जाण्याची पाच कारणं सांगितली आहेत आणि दैव त्यात पाचवं आहे. पाचवं, एकमेव नव्हे. ही गणती आपण विसरतो.

आता तिसरं चित्र, फासा.

मोहेंजोदडोच्या उत्खननात घनाकार फासे मिळालेले आहेत, आजच्या सापशिडीच्या फाशासारखे. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलात जुगाऱ्याचं एक अख्खं सूक्त आहे. बायको दुरावलेली, सासू तिरस्कार करते, तरी फाशांचा आवाज आला की पाय तिकडेच वळतात. हे फासे म्हणजे बेहड्याची फळं. मूठभर फळं घ्यायची, चाराच्या पटीत मोजायची. चाराने पूर्ण भाग गेला तर ते दान ‘कृत’, सगळ्यात मोठं. तीन उरले तर ‘त्रेता’, दोन उरले तर ‘द्वापर’ आणि एकच उरलं तर ‘कली’, म्हणजे हरलात. नावं ओळखीची वाटतात ना? चार युगांची नावं फाशाच्या दानांची आहेत. आपण उठसूट ज्याला कलियुग म्हणून दोष देतो, त्याचा शब्दशः अर्थ ‘हरलेल्या दानाचं युग’.

वनपर्वातलं नलाख्यान तुम्हाला माहीत असेल. युधिष्ठिर द्यूतात सगळं हरून वनात बसलाय आणि बृहदश्व ऋषी त्याला नळाची गोष्ट सांगतात. नळाच्या अंगात कली शिरतो, नळ राज्य हरतो, दमयंतीला सोडून जातो आणि रूप बदलून ऋतुपर्ण राजाचा सारथी होतो. प्रवासात एकदा ऋतुपर्ण बेहड्याच्या झाडाकडे बघून त्याची पानं आणि फळं किती, ते सांगतो. नळाचा विश्वास बसत नाही. तो रथ थांबवतो, मोजतो, आणि आकडा बरोबर निघतो. ऋतुपर्ण म्हणतो, मला अक्षांचं हृदय कळतं, मी मोजण्यात निपुण आहे. नळ त्याला अश्वविद्या देतो आणि बदल्यात ती अक्षविद्या घेतो. ती विद्या मिळाल्याबरोबर काय होतं? कली नळाच्या शरीरातून बाहेर पडतो आणि त्याच बेहड्याच्या झाडात शिरतो.

संभाव्यतेच्या इतिहासावर १९७५ मध्ये पुस्तक लिहिणाऱ्या इयान हॅकिंग या तत्त्वज्ञाचंही या गोष्टीकडे लक्ष गेलं होतं. फासे आणि अंदाजाने मोजणं यांचा संबंध इतक्या जुन्या काळी कुणाच्या तरी ध्यानात आला होता, हे त्याला महत्त्वाचं वाटलं. आम्हाला त्यापुढची गोष्ट महत्त्वाची वाटते. नळाला मंत्राने मुक्ती मिळाली नाही, की प्रायश्चित्तानेही नाही. त्याला मोजता आलं आणि कली निघून गेला.

फाशाच्या चित्रात एक नवी गोष्ट आहे. इथे वाढपी नाही, लेखकही नाही. मागे कुणीच नाही. दोन गोष्टी आपापल्या वाटेने येतात आणि एकमेकींना भिडतात. आपण म्हणतो, “कावळा बसायला आणि फांदी मोडायला.” संस्कृतात यालाच काकतालीय न्याय म्हणतात. कावळा यायला आणि ताडाचं फळ पडायला एकच गाठ. कावळ्याच्या येण्याला कारण आहे, फळ पडण्यालाही कारण आहे. पण दोन्ही एकाच क्षणी घडण्याला वेगळं कारण नाही. ॲरिस्टॉटलने आपल्या ‘भौतिकी’त हेच सांगितलंय. एक माणूस दुसऱ्याच कामासाठी बाजारात जातो आणि ज्याच्याकडून पैसे यायचे तो नेमका तिथे भेटतो. याला नशीब म्हणतात, कारण तो पैशासाठी गेला असता तर जे झालं असतं, तेच पैशासाठी न जाता झालं. गंमत अशी, की आपण कावळ्याला फांदीचा गुन्हेगार ठरवतो. पांढऱ्या पायाच्या सुनेचं झालं ते याहून वेगळं नव्हतं. काकतालीय होतं, त्याला आपण विधिलिखित केलं.

फाशाचं गणित मात्र पूर्ण उलगडायला सतरावं शतक उजाडावं लागलं. १६५४ साली फ्रान्समध्ये पास्कल आणि फेर्मा यांच्यात पत्रव्यवहार झाला. प्रश्न असा: दोघेजण खेळतायत, प्रत्येकाने ३२ मोहरा लावल्यात, जो आधी तीन डाव जिंकेल त्याने सगळ्या ६४ न्यायच्या. पहिल्याचे दोन डाव झाले, दुसऱ्याचा एक, आणि खेळ मध्येच थांबला. आता पैसे कसे वाटायचे?

पुन्हा वाटणी! वाटा आणि फासा ही दोन चित्रं इथे पहिल्यांदा एका टेबलावर आली. त्याआधी, १४९४ मध्ये, पाचोली या इटालियन गणितज्ञाने अशा प्रश्नाला उत्तर दिलं होतं, की ज्याने जेवढे डाव जिंकले त्या प्रमाणात वाटा. म्हणजे मागे काय झालं ते बघा. पास्कल म्हणाला, नाही, पुढे काय होऊ शकतं ते बघा. पुढचा डाव पहिल्याने जिंकला तर त्याला ६४. हरला तर दोघं बरोबरीत, म्हणून त्याला ३२. म्हणजे ३२ तर त्याच्या खिशात आहेतच. उरलेल्या ३२ वर दोघांचा सारखा हक्क, म्हणून त्यातल्या १६ त्याच्या. एकूण ४८, आणि दुसऱ्याला १६. इतकं सोपं. पण नशिबाच्या इतिहासात यापेक्षा मोठं वळण आम्हाला दिसत नाही. तोवर नशीब मागे बघत होतं, पूर्वजन्माकडे, सटवाईकडे. या पत्रांनंतर ते पुढे बघायला लागलं. आजचा विमा, पीकविमा, औषधांच्या चाचण्या, हवामानाचा अंदाज, हे सगळं त्या वळणानंतरचं आहे.

इथे एक गंमत सांगतो. फासा म्हटलं की आपल्याला जुगार, बरबादी, द्यूतसभा आठवते. पण माणसाने फाशाचा उपयोग न्यायासाठीही केलेला आहे. अथेन्समध्ये कित्येक अधिकारी चिठ्ठ्या टाकून निवडत. तमिळनाडूत उत्तरमेरूरला दहाव्या शतकातले शिलालेख आहेत. गावसभेच्या समित्यांसाठी पात्र माणसांची नावं ताडपत्रांवर लिहायची, मडक्यात टाकायची आणि लहान मुलाकडून काढायची, अशी रीत त्यांत दिलेली आहे. लहान मुलाकडून का? कारण त्याला वशिला कळत नाही. तोच आपला आंधळा भग, फक्त या वेळी आपण मुद्दाम आंधळा निवडला! आज म्हाडाच्या घरांची सोडत निघते. शिक्षणहक्क कायद्याच्या २५ टक्के जागांवर गरिबांच्या मुलांना सोडतीने प्रवेश मिळतो. वाढप्यावर विश्वास नसला की माणूस चिठ्ठीवर विश्वास ठेवतो. पण सोडत काय सांगते, तेही ऐकायला हवं. ती सांगते की मुलं पुष्कळ आहेत आणि चांगल्या शाळा थोड्या. ज्याची चिठ्ठी निघाली नाही, त्या पोराच्या आईला आपण म्हणतो, “नशीब.” चिठ्ठी न निघणं हे नशीब खरं. पण जागा कमी असणं? ते कुणाच्या मडक्यातून निघालं?

आता शेवटाकडे येतो. एक स्वतःची गोष्ट सांगायची आहे. सांगू की नको, असं आमच्या मनात पुष्कळ दिवस होतं. पण या विषयावर बोलायचं आणि ती लपवायची, हे बरं नव्हे.

आम्ही प्राध्यापकाच्या नोकरीसाठी मुलाखतीला गेलो तेव्हा जागा एकच होती. बोलावलेले दोघे, आम्ही आणि आमच्याच वर्गातला एक मित्र. खरं सांगायचं तर तो आमच्यापेक्षा हुशार होता, संस्कृत मूळ ग्रंथ वाचणारा. त्या दिवशी पाऊस झाला. त्याची एसटी ज्या वाटेने येणार होती, त्या वाटेवरच्या ओढ्याला पूर आला आणि गाडी पलीकडे अडकली. आमची वाट दुसरी होती. तो पोचला तेव्हा निवड झालेली होती. पुढे त्याने गावी शेती केली, शाळेत शिकवलं. आमचं सगळं आयुष्य मात्र त्या नोकरीवर उभं राहिलं. डॉक्टरेट, पुस्तकं, विद्यार्थी, आणि आज तुमच्यासमोरची ही खुर्चीसुद्धा.

आणि पस्तीस वर्षं आम्ही काय सांगत आलो? की आमच्या मेहनतीचं फळ. सत्काराला उत्तर देताना ओढ्याचं नाव कधी घेतलं नाही. काही वर्षांपूर्वी तो एका लग्नात भेटला. बोलता बोलता विषय निघाला, तर हसून म्हणाला, “जाऊ दे रे, माझं नशीब.” त्या रात्री आम्हाला झोप लागली नाही. एकच पूर, एकच ओढा. त्याच्या बाजूने ते नशीब झालं आणि आमच्या बाजूने कर्तृत्व.

मंडळी, आपण सगळे हेच करतो. आपलं यश म्हणजे आपलं कर्तृत्व, शेजाऱ्याचं यश म्हणजे त्याचं नशीब. आपलं अपयश म्हणजे नशीब, शेजाऱ्याचं अपयश म्हणजे त्याच्या कर्माची फळं. बर्नार्ड विल्यम्स आणि थॉमस नेगेल यांनी १९७६ मध्ये ‘नैतिक नशीब’ असा प्रश्न उभा केला. आपण माणसाची जी थोरवी किंवा दोष मोजतो, त्यात योगायोगाचा हिस्सा किती, हा तो प्रश्न. आमच्यापुरतं त्याचं उत्तर एका ओढ्याने दिलं.

म्हणून जाताना तुमच्याकडे एक मागणं. पुढच्या वेळी ‘नशीब’ हा शब्द तोंडावर येईल तेव्हा क्षणभर थांबा आणि विचारा, हा वाटा आहे, लेख आहे, की फासा? फासा असेल, म्हणजे खरोखर कावळा आणि फांदी असेल, तर कुणाला दोष देऊ नका, कुणाला मानही देऊ नका. आणि फासा आपल्या बाजूने पडला असेल तर तेवढं कबूल करा. लेख असेल, तर अक्षर कुणाचं आहे ते बघा. बहुतेक वेळा ते माणसाचंच निघतं. आणि वाटा असेल, तर वाढपी शोधा. मागच्या जन्माच्या कर्माचा सिद्धान्त माणसाच्या दारिद्र्याला लावला, की समाज आणि राज्य आपल्या जबाबदारीतून सुटतात, हे डॉ. आंबेडकरांनी ‘बुद्ध आणि त्याचा धम्म’ या ग्रंथात स्पष्ट सांगितलं आहे. जॉन रॉल्स १९७१ मध्ये वेगळ्या वाटेने जवळपास तिथेच आला. कोण कुठे जन्मतो, यात न्यायही नाही आणि अन्यायही नाही. त्या जन्माचं आपल्या संस्था काय करतात, न्याय-अन्याय तिथे असतो.

त्या मित्राला आम्ही नंतर पत्र लिहिलं. त्यात ओढ्याबद्दल लिहिलं, आणि जे आम्हाला मिळालं त्यात त्याचाही वाटा होता, असं लिहिलं. त्याचं उत्तर आलं. त्याने त्याबद्दल एक शब्द लिहिला नव्हता. एवढंच विचारलं होतं, की घरातली संस्कृतची पुस्तकं आता वाचवत नाहीत, डोळे गेले, तुमच्याकडे कुणी विद्यार्थी असेल तर पाठवू का? पुस्तकं आली. ती आता ज्याच्याकडे आहेत तो मुलगा आज इथे मागे बसलेला आहे. ती त्याला मिळाली, हे त्याचं नशीब म्हणायचं की नाही, ते तुम्ही ठरवा.

आम्ही इथे थांबतो.